‘मुलं किती?’ या प्रश्नामागचा हिशोब



दुपारची वेळ. तुम्ही शेतातून येऊन नुकत्या टेकलात, आणि दारात दोन बाया येतात. गळ्यात ओळखपत्र, हातात टॅब. “ताई, सर्वेक्षण आहे, थोडा वेळ द्याल का?” आपल्या मनात काय येतं? “परवाच आशाताई लिहून गेल्या, आता पुन्हा कशाला?” मग प्रश्न सुरू होतात. लग्न कितव्या वर्षी झालं? मुलं किती? एखादं दगावलं का? पुढे मूल हवं का? ऑपरेशन झालंय का? कधी एकदा या बाया जातात असं होऊन जातं, आणि आपण तोंडाला येईल ते उत्तर देऊन मोकळ्या होतो.

त्याच उत्तरांचे पुढे आकडे होतात. आकड्यांवरून ठरतं की कुठल्या जिल्ह्यात गोळ्या जास्त पाठवायच्या आणि कुठल्या तालुक्यात बालविवाहाविरुद्ध जोर लावायचा. आणि तेच आकडे कधी ग्रामसभेत, कधी टीव्हीवर आपल्याच तोंडावर फेकले जातात: “बायकांनी मुलं कमी जन्माला घातली तरच गरिबी जाईल.” तेव्हा आपण गप्प बसतो, कारण आकडा कुठून आला हेच आपल्याला माहीत नसतं.

बचत गटाचा हिशोब आपण पैशापैशापर्यंत जुळवतो. मग हा हिशोब आपल्याला का जमू नये? या महिन्याच्या पाठात तोच शिकू या.

१. आकडे कुठून येतात?

जन्म, मृत्यू आणि आरोग्याची माहिती मुख्यतः चार ठिकाणांहून येते.

पहिली जनगणना. देशातला प्रत्येक माणूस मोजायचा. आपल्याकडे दहा वर्षांनी ती होत आली. तिचे पूर्ण आकडे शेवटचे मिळाले ते २०११ चे.

दुसरी जन्म-मृत्यू नोंदणी. १९६९ च्या कायद्याप्रमाणे प्रत्येक जन्म-मृत्यू नोंदवणं बंधनकारक आहे. २१ दिवसांच्या आत कळवलं तर उशिराचं शुल्क लागत नाही. पण माहेरी बाळंतपण झालं, किंवा बाळ दोन दिवसांत गेलं, तर बरेचदा नोंद राहून जाते.

तिसरी नमुना नोंदणी पद्धत. देशभरातली काही गावं आणि वस्त्या निवडून तिथले जन्म-मृत्यू सतत टिपायचे, आणि त्यावरून दरवर्षीचे दर काढायचे.

चौथं राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षण. हे केंद्राच्या आरोग्य मंत्रालयासाठी मुंबईची आंतरराष्ट्रीय लोकसंख्या विज्ञान संस्था करते. पहिली फेरी १९९२-९३ मध्ये झाली. मग १९९८-९९, २००५-०६, २०१५-१६ आणि २०१९-२१. पाचव्या फेरीत देशभरातल्या सुमारे ६ लाख ३७ हजार घरांत आणि ७ लाख २४ हजार बायकांशी बोलणं झालं. महाराष्ट्रात सुमारे साडेएकतीस हजार घरं होती. आजचा पाठ मुख्यतः या सर्वेक्षणावर आहे.

२. भाताचं एक शीत

तुम्ही विचाराल, महाराष्ट्रात कोट्यवधी घरं, आणि त्यातल्या साडेएकतीस हजारांवरून सगळ्यांचं कसं कळणार?

भात शिजला का हे बघायला आपण अख्खं पातेलं खात नाही. एक शीत दाबून बघतो. पण त्याला एक अट असते. भात आधी नीट हलवलेला हवा. नुसतं वरचं शीत बघितलं तर खाली कच्चं राहिलेलं कळणार नाही.

सर्वेक्षणातही तसंच. आधी गावं निवडतात. चिठ्ठ्या टाकल्यासारखीच निवड असते, पण मोठ्या गावाला निवडलं जाण्याची संधी जास्त राहील अशी. मग निवडलेल्या गावात प्रत्येक घराची यादी होते. गाव फारच मोठं असेल तर त्याचे भाग पाडून त्यातला काहीच भाग घेतात. त्या यादीतून ठरावीक अंतराने २२ घरं काढतात. ती २२ घरं एकदा ठरली की ठरली. कुलूप असलं तर पुन्हा यायचं, पण त्याऐवजी शेजारचं घर घ्यायचं नाही.

हा नियम एवढा कडक का? समजा, कुलूप लागलं म्हणून शेजारचं घर घेतलं. कुलूप कोणाचं असतं? मजुरीला गेलेल्या बाईचं, ऊसतोडीला गेलेल्या जोडप्याचं. आणि दुपारी अकरा वाजता घरी कोण सापडतं? जिच्या घरी थोडं बरं आहे ती. म्हणजे नकळत गरीब घरं यादीतून गळतात, आणि गावाची तब्येत आहे त्यापेक्षा चांगली दिसते. भात न हलवता शीत दाबल्यासारखंच झालं ना?

आपण गटात एखादी पाहणी करतो तेव्हा हीच चूक होते. बैठकीला आलेल्या बायकांनाच विचारतो आणि म्हणतो, “गावातल्या बायकांचं असं मत आहे.” बैठकीला जी येऊच शकत नाही, तिचं मत त्यात कुठे आलं?

३. मुलं मोजायची ती कशी

“मुलं किती?” हा प्रश्न दिसतो साधा, पण सर्वांत जास्त चुका यातच होतात.

मी पहिल्यांदा पाहणीच्या कामाला गेले, तेव्हाची गोष्ट सांगते. एका ताईंना विचारलं, मुलं किती? त्या म्हणाल्या, “दोन.” मी लिहून घेतलं आणि निघाले. सोबतच्या अनुभवी ताईंनी मला थांबवलं आणि खाली बसून हळूच विचारलं, “एखादं जन्मलं, रडलं, पण राहिलं नाही असं झालं होतं का हो?” त्या ताई बराच वेळ पदराशी चाळा करत राहिल्या. मग म्हणाल्या, “एक मुलगी होती. सहा दिवसांची. तिचं नाव ठेवलं नव्हतं, मग मोजायची का?”

मोजायची. तिलाच तर मोजायची. ती मोजली नाही, तर आपल्या भागात पहिल्या आठवड्यात बाळं जातात हे कागदावर कधीच येणार नाही. कागदावर आलं नाही तर नवजात बाळांसाठीची खोली, वेळेवर गाडी आणि प्रशिक्षित नर्स मागायला आपल्याकडे पुरावाच नसेल.

म्हणून राष्ट्रीय सर्वेक्षणात “मुलं किती” हे एका दमात विचारत नाहीत. घरी राहणारे मुलगे किती, मुली किती. बाहेरगावी असलेले मुलगे किती, मुली किती. जन्मून दगावलेले मुलगे किती, मुली किती. सगळ्यांची बेरीज वाचून दाखवतात आणि “बरोबर का?” असं विचारतात. मग पहिल्यापासून एकेक मूल घेऊन जन्माचा महिना-वर्ष, मुलगा की मुलगी, आहे की गेलं, गेलं तर कितव्या दिवशी वा महिन्यात, हे लिहितात. लग्न होऊन नांदायला गेलेली मुलगी “आपल्या घरची नाही” म्हणून सुटते, ती या पद्धतीत सापडते.

तारखा आठवत नाहीत ही दुसरी अडचण. तिथे सणवार आणि हंगाम कामी येतात. पोळ्याच्या आधी की नंतर? ज्वारी काढणीला होती तेव्हा? थोरल्याला शाळेत घातलं त्या साली? अशा खुणांवरून महिना पक्का करता येतो. बाळाचं लसीकरण कार्ड असेल तर फारच छान.

तिसरी अडचण खोट्या उत्तराची. सोळाव्या वर्षी लग्न झालेल्या मुलीच्या घरचे “अठरा पूर्ण” असंच सांगतात. सासूबाई जवळ बसल्या असल्या की सून गोळ्या घेते हे सांगत नाही. म्हणून नियम असा आहे की बाईची मुलाखत बाईच घेते, आधी परवानगी विचारते, आणि शक्यतो एकांतात बोलते. घरातल्या मारहाणीबद्दलचे प्रश्न तर एका घरातल्या एकाच बाईला आणि पूर्ण एकांत असेल तरच विचारले जातात. तुम्हाला नको असेल त्या प्रश्नाला “नाही सांगायचं” म्हणण्याचा हक्क तुम्हाला आहे. खोटं सांगण्यापेक्षा ते कधीही बरं.

४. तुलना: पाळणा कुठे जास्त हलतो?

आता हिशोबाकडे वळू. खालचे आकडे नुसते समजावण्यासाठी घेतले आहेत.

समजा, ग्रामसंघाच्या बैठकीत थोरलं गाव आणि वाडी इथल्या ताया शेजारी बसल्यात. थोरल्या गावात वर्षाला ३६ बाळं जन्मली, वाडीत १४. वाडीची एक ताई चेष्टेनं म्हणते, “तुमच्याकडे पाळणा थांबतच नाही बाई!”

खरं आहे का हे? पहिली पायरी करू. थोरल्या गावाची लोकसंख्या २,४००, वाडीची ७००. दर हजार लोकांमागे जन्म काढू.

थोरलं गाव: ३६ भागिले २,४००, गुणिले १,००० = १५.
वाडी: १४ भागिले ७००, गुणिले १,००० = २०.

याला जन्मदर म्हणतात. आता उलटंच झालं! वाडीचा दर जास्त निघाला. थोरल्या गावच्या तायांना हसू आवरेना.

पण थांबा. वाडीजवळ नवी कंपनी आली आहे आणि तिथे नवीन लग्न झालेली जोडपी राहायला आली आहेत. तरुण बायका जास्त, म्हातारी माणसं कमी. मग बाळं जास्त दिसणारच. म्हणून दुसरी पायरी: प्रत्येक वयोगटातल्या बायका किती आणि त्यांना वर्षाला बाळं किती झाली, हे वेगवेगळं बघायचं.

थोरलं गाव:
१५ ते १९ वर्षे: १०० बायका, २ बाळं, दर बाईमागे ०.०२
२० ते २४ वर्षे: १०० बायका, १६ बाळं, दर बाईमागे ०.१६
२५ ते २९ वर्षे: १०० बायका, १३ बाळं, दर बाईमागे ०.१३
३० ते ३४ वर्षे: १०० बायका, ४ बाळं, दर बाईमागे ०.०४
३५ ते ३९ वर्षे: १०० बायका, १ बाळ, दर बाईमागे ०.०१
४० ते ४९ वर्षे: बाळ नाही, ०
सगळ्या दरांची बेरीज ०.३६

वाडी:
१५ ते १९ वर्षे: २० बायका, बाळ नाही, ०
२० ते २४ वर्षे: ५० बायका, ८ बाळं, दर बाईमागे ०.१६
२५ ते २९ वर्षे: ५० बायका, ५ बाळं, दर बाईमागे ०.१०
३० ते ३४ वर्षे: २५ बायका, १ बाळ, दर बाईमागे ०.०४
३५ ते ४९ वर्षे: बाळ नाही, ०
सगळ्या दरांची बेरीज ०.३०

तिसरी पायरी: प्रत्येक गट पाच वर्षांचा आहे. म्हणजे बाई त्या गटात पाच वर्षं राहते. म्हणून बेरजेला पाचाने गुणायचं.

थोरलं गाव: ०.३६ गुणिले ५ = १.८
वाडी: ०.३० गुणिले ५ = १.५

याला एकूण जननदर म्हणतात. आजच्यासारखेच दर पुढे राहिले, तर एका बाईला आयुष्यात सरासरी किती मुलं होतील, असा त्याचा अर्थ. आता पुन्हा थोरलं गाव वर आलं. तीन पायऱ्यांत दोनदा पारडं फिरलं! नुसती बाळं मोजून कोणी चेष्टा करायला लागलं की त्यांना आता हा हिशोब दाखवा.

एक गोष्ट ध्यानात ठेवा. वाडीसारख्या छोट्या ठिकाणी दोन बाळं इकडची तिकडे झाली तरी दर बदलतो. म्हणून एका वर्षावर निकाल द्यायचा नाही. राष्ट्रीय सर्वेक्षणातही मागच्या तीन वर्षांतले जन्म एकत्र धरून हा दर काढतात.

५. आपल्या राज्याचं काय?

वरच्याच पद्धतीने काढलेले महाराष्ट्राचे आकडे बघा. कंसात भारताचा आकडा आहे.

१९९२-९३: २.९ (३.४)
१९९८-९९: २.५ (२.९)
२००५-०६: २.१ (२.७)
२०१५-१६: १.९ (२.२)
२०१९-२१: १.७ (२.०)

आई-बापाच्या जागी पुढच्या पिढीत दोन माणसं यावीत आणि काही मुलं लहानपणी दगावतात हे धरावं, तर दर साधारण २.१ लागतो. महाराष्ट्र २००५-०६ मध्येच तिथे पोचला आणि आता त्याच्याही खाली आहे. पाचव्या फेरीत बिहारचा दर ३.० होता, गोव्याचा १.३.

म्हणजे बायका फार मुलं जन्माला घालतात, ही ओरड आपल्या राज्याला तरी आता लागू नाही. आपल्या आयांच्या पिढीपेक्षा मुलं कमी झालीत. पण कमी झाली ती कशी? त्याच सर्वेक्षणात दुसरा आकडा आहे. महाराष्ट्रात १५ ते ४९ वयाच्या विवाहित बायकांपैकी सुमारे ४९ टक्क्यांनी कुटुंब नियोजनाचं ऑपरेशन केलेलं आहे. पुरुषांची नसबंदी किती? ०.४ टक्के. दोनशे जोडप्यांत बायकांची ऑपरेशनं अठ्ठ्याण्णव, आणि पुरुषाचं जेमतेम एक. पुरुषांची शस्त्रक्रिया बायकांच्या शस्त्रक्रियेपेक्षा सोपी आणि कमी धोक्याची असते, तरी असं. पाळणा थांबवायचा भार कोणी उचलला हे या एका ओळीत दिसतं.

६. दोन आकडे शेजारी ठेवण्याआधी

दोन आकडे मिळाले की लगेच तुलना करायचा मोह होतो. त्याआधी चार प्रश्न विचारायचे.

एकच पद्धत होती का? पाचव्या फेरीप्रमाणे देशातल्या ६ महिने ते ५ वर्षांच्या ६७ टक्के मुलांना रक्तक्षय होता. २०१६-१८ च्या राष्ट्रीय पोषण सर्वेक्षणात १ ते ४ वर्षांच्या मुलांत तो सुमारे ४१ टक्के निघाला. मग खोटं कोण? कोणीच नाही. एकात बोटाला टोचून आलेला थेंब छोट्या यंत्रावर तपासला, दुसऱ्यात शिरेतून रक्त काढून प्रयोगशाळेत तपासलं. वयही थोडं वेगळं. म्हणून ४१ चे ६७ झाले असं म्हणता येत नाही. पण चौथी आणि पाचवी फेरी दोन्हींत बोटाचाच थेंब होता. महाराष्ट्रात त्या दोन फेऱ्यांत बायकांमधला रक्तक्षय ४८ वरून ५४ टक्क्यांवर गेला आणि लहान मुलांमधला ५४ वरून ६९ वर. ही तुलना जास्त भरवशाची आहे, आणि काळजीचीही.

त्याच बायकांना विचारलं का? पहिल्या दोन फेऱ्यांत फक्त लग्न झालेल्या बायकांच्या मुलाखती होत्या. २००५-०६ पासून लग्न न झालेल्यांच्याही घेतल्या. म्हणून काही जुने आकडे नव्यांशी तसेच्या तसे जोडता येत नाहीत.

टक्के कशाचे? “२२ टक्के बालविवाह” याचा अर्थ सगळ्या बायकांपैकी २२ टक्के असा नाही. आज २० ते २४ वयाच्या ज्या मुली आहेत, त्यांच्यापैकी किती जणींचं लग्न अठराच्या आत झालं, तो हा आकडा. महाराष्ट्रात तो चौथ्या फेरीत २६ होता, पाचव्यात २२.

प्रश्न नेमका काय होता? आपल्या कामाचं उदाहरण घेऊ. महाराष्ट्रात “स्वतःचं बँक खातं असलेल्या” बायका ४५ वरून ७३ टक्क्यांवर गेल्या. पण सर्वेक्षणातला प्रश्न होता: जे खातं तुम्ही स्वतः वापरता, असं खातं आहे का? पासबुक नवऱ्याच्या खिशात असेल तर उत्तर “नाही”. नुसतं “खातं आहे का” असं विचारलं असतं तर आकडा वेगळा आला असता. एका शब्दाने असा फरक पडतो.

७. सरासरी काय लपवते?

सरासरी कामाची असते, पण तिच्या पोटात खूप काही लपतं. बालविवाहाचंच बघा. राज्याची सरासरी २२, पण परभणी जिल्ह्याचा आकडा सुमारे ४८ आणि बीडचा सुमारे ४४. म्हणजे तिथे जवळपास दर दोन मुलींमागे एकीचं लग्न अठराच्या आत झालेलं. हे जिल्हावार आकडे चौथ्या फेरीपासून मिळायला लागले. त्याआधी राज्याच्या सरासरीत सगळं बुडून जायचं. मात्र एका जिल्ह्यात साधारण नऊशेच घरं असतात आणि त्यात त्या वयाच्या मुली आणखी कमी. म्हणून शेजारच्या जिल्ह्याशी दोन-तीन टक्क्यांचा फरक असेल तर भांडू नका. दुपटीचा फरक मात्र दुर्लक्ष करण्यासारखा नाही.

दुसरं उदाहरण आणखी बोचणारं आहे. २०१५-१६ च्या फेरीत पहिल्यांदा पिशवी काढण्याच्या ऑपरेशनबद्दल विचारलं गेलं. देशात १५ ते ४९ वयाच्या शंभर बायकांत साधारण तिघींची पिशवी काढलेली होती. २०१९ मध्ये बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांचा प्रश्न गाजला आणि सरकारी समिती नेमली गेली. तेव्हा केलेल्या पाहणीत ८२ हजार ३०९ ऊसतोड बायकांपैकी १३ हजार ८६१ जणींची पिशवी काढलेली आढळली. भागाकार करून बघा: शंभरात जवळपास सतरा.

वर शिकलो ते प्रश्न इथेही विचारू. दोन्ही पाहण्यांची पद्धत एक नव्हती. ऊसतोड बायकांचे वयोगटही वेगळे असू शकतात. म्हणून “बरोबर पाचपट” असं आपण म्हणायचं नाही. पण एवढा मोठा फरक नुसत्या पद्धतीमुळे पडत नाही. उचल घेऊन कोयता धरलेल्या बाईला एक दिवसाचा खाडा परवडत नाही, फडावर संडास नाही, पाळीच्या दिवसांत धुवायला पाणी नाही. अंगावरून जायला लागलं, पोट दुखायला लागलं की कॅन्सरची भीती घातली जाते आणि पिशवीच काढून टाकली जाते. पुढे कंबर जाते, हाडं दुखतात, आणि कर्ज वाढतं ते वेगळंच.

हे सगळं देशाच्या सरासरीत तीनच्या आकड्याआड झाकलेलं होतं. त्या बायकांना वेगळं मोजलं तेव्हा ते वर आलं. ज्यांना कोणी मोजत नाही, त्यांच्यासाठी कोणी योजना आखत नाही.

८. आपल्या गावात करून बघा

पुढच्या दोन महिन्यांत प्रत्येक ग्रामसंघाने एक छोटी पाहणी करावी, असं सुचवावंसं वाटतं. विषय एकच घ्या. उदाहरणार्थ: २० ते २४ वयाच्या किती मुलींचं लग्न अठराच्या आत झालं? किंवा: गेल्या तीन वर्षांत बाळंत झालेल्या बायकांनी गरोदरपणात लोहाच्या गोळ्या खरंच किती दिवस खाल्ल्या?

१. आशाताई आणि अंगणवाडी ताईंच्या मदतीने सगळ्या घरांची यादी करा. पारधी पाल, धनगरवाडा, वीटभट्टी, गावाबाहेरचं एकटं घरसुद्धा सोडू नका.

२. गाव मोठं असेल तर यादीतून ठरावीक अंतराने घरं घ्या, समजा दर पाचवं. ओळखीची घरं निवडायची नाहीत. कुलूप असेल तर संध्याकाळी किंवा बाजाराच्या सुट्टीच्या दिवशी पुन्हा जा. ऊसतोडीला गेलेल्यांची घरं वेगळी लिहून ठेवा, परत आल्यावर विचारा.

३. सगळ्या घरी प्रश्न त्याच शब्दांत विचारा. “गोळ्या घेतल्या ना हो?” असं विचारलं की उत्तर “हो” असंच येतं. “गोळ्या मिळाल्या का? त्यातल्या किती खाल्ल्या? का सोडल्या?” असं विचारा.

४. आधी परवानगी घ्या. नाव लिहू नका, घराला नुसता क्रमांक द्या. एका बाईचं उत्तर दुसऱ्या घरी, पारावर किंवा बैठकीत निघता कामा नये. हे पाळता येणार नसेल तर पाहणी करूच नका. कोणत्या घरची मुलगी लवकर दिली, हे शोधायला आपण निघालेलो नाही.

५. बेरीज दोघींनी वेगवेगळी करा, गटाच्या हिशोबासारखी. जुळली तरच पुढे जा.

६. आकड्याबरोबर तीन गोष्टी लिहा: किती जणींना विचारलं, कधी विचारलं, कोण राहून गेलं. या तीन गोष्टी नसलेला आकडा कोणीही खोडून काढू शकतो.

मग तो कागद घेऊन ग्राम आरोग्य, पोषण व स्वच्छता समितीत बसा, ग्रामपंचायतीचा विकास आराखडा ठरतो त्या ग्रामसभेत बोला. “आमच्या गावात अॅनिमिया फार आहे” असं म्हटलं की ऐकणारा मान हलवतो आणि विसरतो. “साठ घरांत विचारलं, पस्तीस बायकांना गोळ्या मिळाल्याच नाहीत” असं म्हटलं की उत्तर द्यावं लागतं.

गटाच्या बैठकीत बोलण्यासाठी

• आपल्या गटातल्या सगळ्या मिळून आईची मुलं, आपली मुलं आणि लेकीची मुलं मोजा. काय दिसतं? लेकी अजून तरुण असतील, तर ही तुलना अर्धवट का आहे?

• आपल्या वस्तीत असं कोण आहे, जे कुठल्याच यादीत येत नाही?

• पुरुषांच्या नसबंदीचा आकडा इतका छोटा का? घरात हा विषय कोण काढणार?

आणि पुढच्या वेळी दारात टॅब घेऊन बाई आली, तर तिला पाणी द्या, ओळखपत्र बघा, हे कशासाठी आहे ते विचारा, आणि मग खरं ते सांगा. सहा दिवसांच्या त्या मुलीसारखी कोणी तुमच्या घरात असेल, तर तिलाही सांगा. तिचं नाव ठेवायचं राहिलं असेल, पण गणतीतून ती राहायला नको.